कस्तुराबाईंचं तीस बोअर

१५ ऑक्टोबर २०२४, मंगळवार. सकाळी कस्तुराबाईंबरोबर दौंडला गेले. भिमाची गाडी. न्हावऱ्याजवळ कांद्याचा टेंपो कलंडल्यामुळे खोळंबा. काम झालं. परतताना वरवंडला चहा घेतला. माझी पेन्सिल सिद्दीकभाईंच्या दुकानात राहिली. शिरूरला दिवेलागणीला पोचले. पाय सुजले आहेत.

डायरीत त्या दिवसाचं एवढंच आहे, आणि खाली आणखी एक ओळ. पुण्याच्या कॉन्व्हेंटात सिस्टर बर्नडेटनी लावलेली ही सवय: आधी घडलं ते लिहायचं, मग आपण केलं ते, आणि शेवटी घरातली एखादी साधी गोष्ट. त्या दिवशी ‘काम झालं’ हे दोन शब्द लिहिताना मला बराच वेळ लागला होता. त्या कामाबद्दल आणि कस्तुराबाईंबद्दल नीट लिहावं असं तेव्हापासून मनात आहे.

कस्तुराबाई ही मारुतरावांची बायको. दोघांची नावं मी बदलली आहेत, आणि भीमेच्या काठाला त्यांची वस्ती कोणत्या गावच्या शिवारात आहे तेही लिहीत नाही. तसं मी कबूल केलं आहे. माहेर मात्र खरंच वरवंडचं. लग्न ठरताना सासऱ्यांनी विचारलं होतं, “पोरी, चुलीवरचं सगळं येतं का?” तर ही म्हणाली होती, “मोटंवरचं बी येतं.” सासरे हसले आणि सुपारी फोडली. ही गोष्ट मला कस्तुराबाईंनीच सांगितली, आणि सांगून झाल्यावर म्हणाल्या, “मंग काय, जन्मभर मोटंवरच ठिवली की मला.”

माझे यजमान शिरूरला दवाखाना चालवत. एकदा विंचू चावला म्हणून मारुतराव बायकोला घेऊन आले, तेव्हापासूनची ओळख. पुढे डॉक्टर गेले, दवाखाना बंद झाला, पण कस्तुराबाई बाजाराच्या दिवशी पिशव्या आमच्याच ओट्यावर ठेवतात. मला ‘डॉक्टरीणबाई’ म्हणतात. बसा म्हटलं तर बसत नाहीत, टेकतात. चहा होईपर्यंत माझे तांदूळ निवडतील, वेलाचं सुटलेलं टोक बांधतील, नाहीतर पायरीवरचं बुळबुळीत शेवाळ खुरप्यानं खरवडून काढतील. मूलबाळ झालं नाही. त्याबद्दल त्या बोलत नाहीत आणि मीही विचारत नाही.

त्यांच्या घरात एक पिस्तूल होतं. तीस बोअरचं, जुनं जर्मन माउझर. आमच्या भागात परवाना असलेल्यांकडे बहुतेक बत्तीसचं रिव्हॉल्व्हर असतं, नाहीतर बारा बोअरची बंदूक. तीस बोअर हे एकच. मारुतरावांच्या चुलत्यांनी ते पुण्याच्या कॅम्पातल्या एका पारशी गृहस्थांकडून रीतसर घेतलं होतं, चुलत्यांच्या पश्चात परवाना मारुतरावांच्या नावावर झाला. त्याची मूठ झाडूच्या दांड्यासारखी बारीक, चापाच्या पुढे काडतुसांची चौकोनी पेटी, आणि सगळं मिळून एका लाकडी म्यानात बसणारं. मारुतराव दूध संस्थेचे चेअरमन होते तेव्हा लग्नकार्यात ते म्यान कमरेला लावून जात. पंगतीला बसताना ते मांडीत टोचायचं, म्हणून दोन घास खाऊन उठायचे. लग्नघरच्या यजमानाला वाटायचं, चेअरमन रागावले.

ते एकदाच उडालं. खूप वर्षांपूर्वी, दरोड्यांच्या अफवा होत्या तेव्हा. कुत्री भुंकली म्हणून मारुतरावांनी अंगणात येऊन आभाळात एक गोळी सोडली. चोर होते की नव्हते ते कळलं नाही, पण म्हशीनं दावं तोडलं आणि ती नदीपर्यंत पळत गेली. “धा दिवस आटली व्हती ती,” कस्तुराबाई सांगतात. “तवा मी म्हनलं, आता हे वाजवायचं आसंल तर आधी माझ्या म्हशीला इचारा.” आवाज मात्र चार गावांत गेला. त्यानंतर वस्तीवरून कुणी शेळीसुद्धा नेली नाही.

पुढे त्या पिस्तुलाचं काम एकच राहिलं: खंडेनवमी. मारुतराव ते उघडून पाटावर ठेवायचे आणि बाकीचं सगळं कस्तुराबाई करायच्या. ओल्या फडक्यानं पुसायचं, कालवलेल्या हळदीची आणि कुंकवाची बोटं ओढायची, फूल वाहायचं आणि घरच्या करडईचं तेल फटीफटीतून आत सोडायचं. “तेलाला कवा हात आखडला न्हाई मी,” असं त्या मला अभिमानानं सांगत.

डायरीतल्या त्या वर्षी वैशाखात मारुतराव गेले. पिस्तूल कायद्याप्रमाणे दौंडच्या एका परवानाधारक दुकानात जमा झालं. आता ते कुणाच्या नावावर व्हायचं हा प्रश्न होता. पहिला हक्क कस्तुराबाईंचा, आणि त्यांनी नको म्हटलं तर मारुतरावांच्या पुतण्याचा, पृथ्वीराजचा.

हा पृथ्वीराज दौंडला जायच्या आदल्या दिवशी संध्याकाळी माझ्याकडे आला होता. पांढरी गाडी दाराशी, पायात पांढरे बूट, हातात मोबाइल. पण आल्या आल्या वाकून पाया पडला.

“डॉक्टरीण मावशी, तुम्हीच सांगा आता काकीला. आचारसंहिता आज लागते का उद्या, असं झालंय. एकदा लागली की परवान्याचे कागद निवडणूक होईपर्यंत हलत नाहीत. तिनं फक्त सही करायची.”

“पिस्तूल तुला कशाला रे?”

“मला नाही, वस्तीला. म्हणजे माझ्याच नावावर, पण वस्तीला.” तो थोडा चाचरला. मग आवाज खाली आला. “मावशी, परवा गोठ्याभोवती ठसे निघाले. बिबट्याचे. पलीकडच्या वस्तीवरचं वासरू नेलं. ती एकटी तिथं. उद्या काय झालं तर लोक माझ्या तोंडावर थुंकतील. मी म्हणतो, गावात माझ्या घरी ये, वरची खोली देतो. जमीन मी बघतो. तर ती म्हणते, माझ्या घरात माउझर हाय, मला काय हुतंय.”

“पण ते घरात नाही आता. दौंडला आहे.”

“तेच तर. ती म्हणते, नावावर करून परत आणते. अहो, तिला ते उचलता तरी येईल का?”

तो गेला आणि मी ताट वाढून घेतलं. जेवण अर्धं टाकलं. पोरगा खोटं बोलत नव्हता, त्याला भीती वाटत होती. पिस्तूल हवं होतं हेही खरं. गेल्या बैलगाडा शर्यतीत त्याचा गाडा पहिला आला तेव्हा मित्रांनी फटाके उडवलेले मी मोबाइलवर पाहिले होते. तीस बोअर हातात असतं तर फटाक्यांवर भागलं असतं का? आणि कस्तुराबाई? पिस्तूल घेतलं तर त्या वस्तीवर राहतील. सोडलं तर भावकी त्यांना गावातल्या वरच्या खोलीत नेऊन ठेवील, आणि तिथे त्यांना निवडायला तांदूळसुद्धा कुणी देणार नाही.

तेवढ्यात त्यांचाच फोन. “डॉक्टरीणबाई, उंद्या दौंडला चला माझ्यासंगं. त्या हत्याराचा काय उपेग हाय आन् काय न्हाई, त्ये मला एकदा नीट कळू द्या. तुमी शिकलेल्या हाय. मला कुनी यडं करायला नगं.”

“शिकलेली आहे, पण पिस्तुलातलं मला काय कळणार?”

“इचारता तर यील!”

सकाळी गाडीवाल्या भिमानं त्यांना वस्तीवरून घेतलं आणि मग मला. न्हावऱ्याजवळ टेंपो कलंडला होता आणि रस्ताभर कांदे. कस्तुराबाई खाली उतरून वाट काढायला कांदे बाजूला सारू लागल्या. भिमा म्हणाला, “मावशी, बसा आत, जेसीबी येतोय.” त्या म्हणाल्या, “यील तवा यील.” परत गाडीत बसल्या तर पदराला माती, आणि नजर सारखी बाहेरच्या उसाकडे. पारगावचा पूल ओलांडताना एकदाच बोलल्या. “यंदा खंडेनवमीला पाट मोकळा व्हता. कोयता ठिवला, खुरपं ठिवलं. पन मधली जागा मोकळीच.”

दुकान दौंडच्या बाजारपेठेत एका गल्लीत आहे. लोखंडी जाळी, मग काच, मग काउंटर. मालक पुण्याला गेले होते. काउंटरमागे सिद्दीकभाई होते. राखीव पोलीस दलात शस्त्रं दुरुस्त करता करता निवृत्त झालेले, आता इथे बसतात. मेंदी लावलेली दाढी, नाकाच्या शेंड्यावर चष्मा. त्यांनी आधी कस्तुराबाईंचे कागद आणि आधार पाहिलं, रजिस्टरात आमची नावं घेतली आणि मग तिजोरीतून ते लाकडी म्यान आणून फडक्यावर ठेवलं.

म्यान पाहिल्याबरोबर कस्तुराबाई उठून उभ्या राहिल्या. मारुतराव खोलीत आल्यावर राहायच्या तशा.

“बसा वो बाई,” सिद्दीकभाई म्हणाले. “सांगा, काय करायचं?”

मी म्हणाले, “करायचं काही नाही अजून. हे वस्तीवर एकट्या बाईच्या कामाचं आहे का, तेवढं सांगा. चांगलं असेल तेही सांगा आणि वाईटही. लपवू नका.”

त्यांनी पिस्तूल बाहेर काढलं, मागचा भाग ओढून आत कुठे गोळी नाही ना ते बघितलं. तो भाग कुरकुरत, मोठ्या कष्टानं मागे आला. पण त्यांचं लक्ष तिकडे नव्हतं. ते खुशीत होते.

“आता बघा. ह्यात मुठीचा एक सोडला तर स्क्रू न्हाई. सगळं एकात एक अडकवलेलं. आजकालची पोरं प्लास्टिकचं घेऊन फिरतात, त्यांना दाखवा म्हणावं हे. चाप वढला की एक सुटते आन् दुसरी आपली आपन वर येते. बत्तीसची गोळी कशी, ढकलल्यासारखी जाते. ही तीसची बारीक हाय, पन लई जोरात. सरळ जाते, लवत न्हाई. लांबचा नेम धरावा तर ह्यानंच.”

“आणि वाईट?” मी विचारलं.

“वाईट.” त्यांनी चष्मा वर सरकवला. “काडतुसं. तीसची काडतुसं आता सहसा मिळतच न्हाईत. ह्यांच्या डब्यात आलीत ती हिरवी पडलीत. वाजतील का, फुसकी जातील, का मधीच अडकतील, अल्ला जाने. पार्ट मोडला तर मिळत न्हाई, घडवावा लागतो. म्होरं जड हाय. मूठ बारीक, घामानं फिरते. आन् आवाज असा—”

“आवाज म्हाईत हाय,” कस्तुराबाई म्हणाल्या. “म्हशीला इचारा.”

“मग बिबट्यासाठी?” मी म्हटलं.

“बिबट्यावर झाडायची?” सिद्दीकभाईंनी हात जोडले. “बाई, बिबट्या जगंल, मरंल, ते सोडा. तुम्ही आत जाल. आवाज करून पळवायचा आसंल तर फटाका काय वाईट?”

कस्तुराबाईंचा चेहरा उतरला. सकाळपासून पहिल्यांदाच त्यांचे हात मांडीवर गप्प पडले होते. सिद्दीकभाईंनाही ते दिसलं असावं. ते घाईघाईनं म्हणाले, “पन मी काय म्हनतो, सोडू नका. असा नग आता बनत न्हाई. नावावर करून घ्या. नुसतं घरात हाय म्हटलं तरी—”

“घरात हाय म्हनूनच मी तितं हाय,” कस्तुराबाई म्हणाल्या. “ह्ये गेलं की मला बी उचलून नेतील गावात. तेवढं सांगा. ह्ये चालतं का न्हाई?”

“त्यात काय. आत्ता बघू.” त्यांनी खण उघडले, इकडे तिकडे शोधलं. “एखादी पेन्सिल हाय का? लांबशी?”

माझ्या पर्समध्ये नेहमी असते. त्यांनी ती नळीत उलटी सोडली. ती आतपर्यंत जाऊन बसली, टोक थोडं बाहेर. पिस्तूल सरळ वर धरून ते म्हणाले, “चाप वढला की आतली पिन गोळीच्या बुडाला ठोकते. गोळीच्या जागी पेन्सिल. पिन बसली की उडते. तुमच्या लहानपणीच्या खेळासारखं. बघा हं वर.”

आम्ही दोघी वर बघू लागलो. खट्ट आवाज झाला. पेन्सिल तशीच.

पुन्हा खट्ट. पेन्सिल हललीसुद्धा नाही.

“स्प्रिंग गेली,” सिद्दीकभाई म्हणाले. “शंभर टक्के.” त्यांनी पेन्सिल काढून बाजूला ठेवली आणि ते खोलायला घेतलं. स्प्रिंग शाबूत निघाली. मग त्यांनी आतला लांबट तुकडा बाहेर काढला आणि उजेडात धरला. नाकाजवळ नेला. पुन्हा नेला. त्यांच्या कपाळावर आठ्या पडल्या.

“बाई, ह्याला तेल कुठलं घालत हुता?”

“घरचं. करडईचं. खंडेनवमीला.”

“म्हनूनच भज्याचा वास येतोय मघापासनं!”

त्यांनी तो तुकडा आमच्यापुढे ठेवला. पिन ज्या भोकातून जाते ते पिवळ्या, कडक, राळेसारख्या थरानं भरलं होतं. त्यात हळद होती, कुंकवाचे तांबडे कण होते, आणि झेंडूच्या पाकळीचा एक तुकडा अगदी ओळखू येत होता. करडईचं तेल वाळलं की व्हार्निशसारखं घट्ट होतं, असं सिद्दीकभाई म्हणाले. दर वर्षी एक थर. घोडा आपटत होता, पण पिन हळदीत रुतून बसली होती.

“कधीपासून?” मी विचारलं.

“आता ते कसं सांगू? पन लई वर्सं.”

“पन निवडणूक आली की ठाण्यात जमा करायचो की आमी,” कस्तुराबाई म्हणाल्या. “तवा कुनी बोललं न्हाई.”

“तितं नंबर बघतात, बाई. चाप कोन वढतंय?”

कस्तुराबाई पुढे वाकल्या. पाकळी बोटानं सुटते का बघत राहिल्या. मला वाटलं, आता रडतील. आयुष्यभर ज्याच्या भरवशावर मारुतराव निवांत घोरले ते आपल्याच हातानं बंद पाडलं, असं त्यांना वाटत असणार.

“म्हंजी,” त्या हळू म्हणाल्या, “माझ्या उशाला इतकी वर्सं नुसता हळदीचा गोळा व्हता.”

आणि त्यांच्या खांद्याला हिसके बसू लागले. मी पाठीवर हात ठेवला तेव्हा कळलं की त्या हसताहेत. “आवं, त्ये कळलं आसतं ना ह्यास्नी! चेअरमन! कमरंला बांधून बसायचे, जेवायचं सोडून!”

सिद्दीकभाई बिचारे आधी ओशाळले आणि मग तेही हसले. बशीत रॉकेल घेऊन त्यांनी तो भाग भिजत घातला, तारेनं थर खरवडले, पुसले, आपलं तेल लावलं. हात चालू असताना मध्येच म्हणायचे, “या खुदा, कुंकू!” अर्ध्या तासानं सगळं पुन्हा जोडून झालं. पेन्सिल पुन्हा नळीत गेली.

खट्ट झालं आणि पेन्सिल सणकन वर उडाली, पंख्याच्या पात्यावर आपटली आणि तिजोरीमागे कुठेतरी पडली.

आम्ही तिघंही दचकलो. हसणं थांबलं. हे आता पिस्तूल होतं.

“घ्या हातात,” सिद्दीकभाई म्हणाले. “रिकामं हाय. मागं वढून बघा.”

कस्तुराबाईंनी धरलं. पुढचा भार मनगटाला पेलेना, नळी खाली झुकली. मागचे दोन बारीक कान चिमटीत धरून ओढायचे असतात. त्यांच्या बोटांची पेरं सुजलेली. दोनदा ओढलं, सुटलं. तिसऱ्यांदा नखाला लागलं तेव्हा त्यांनी ते फडक्यावर ठेवून दिलं.

“भाई, ही गोळी कुटवर जाती?”

“जाईल की. मानसातनं पार जाऊन पुढं जाईल. तेच सांगितलं ना, जोर लई.”

“आमच्या उसाच्या पल्याडल्या बांधाला दिवाळी झाली की तोडीवाल्यांच्या ऱ्हायच्या कोप्या पडत्यात. लेकरं आस्त्यात त्यांची. तितवर जाईल?”

सिद्दीकभाईंनी चष्मा काढला. “ऊस मधी असला तरी जाईल.”

त्याच वेळी जाळीचं दार वाजलं आणि पृथ्वीराज आत आला. भिमाला फोन करून त्यानं आमचा ठावठिकाणा काढला होता. हातात प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये कागद.

“काकी, तू मला न सांगता आलीस?”

“तू मला न सांगता कागद केलेस, तसंच.”

“बरं, राहू दे. झालं का बघून? चालतंय ना, भाई?”

“आता चालतंय,” सिद्दीकभाई म्हणाले.

“मग सही कर इथं, काकी. आचारसंहिता कुठल्याही क्षणी लागेल. मी रोज रात्री वस्तीवर चक्कर टाकीन. तो आला तर हवेत एक बार काढीन, बास.”

“हवेत,” कस्तुराबाई म्हणाल्या. “आन् हात खाली आला म्हंजी? गाडा पयला आला म्हंजी? दोस्त म्हनले, राजे, एक होऊन जाऊ दे म्हंजी?”

“मी काय लहान हाय का?”

“न्हाईस. म्हनून तर भ्या वाटतं.”

त्याचा चेहरा लाल झाला. “म्हणजे तूच घेणार?”

“न्हाई. मला वढत न्हाई.” त्या सिद्दीकभाईंकडे वळल्या. “भाई, ज्याच्या शिवारात मानसं न्हाईत आसा कुनी आसंल तर त्याला द्या.”

“असं शिवार कुठाय, बाई?”

“मंग सरकारात जमा करा.”

“मोडून टाकतील ते.” सिद्दीकभाईंचा हात नकळत पिस्तुलावर गेला. “वितळवतील. बाई, इचार करा. असा नग—”

“इचार करूनच आलीया.”

पृथ्वीराज खुर्चीत बसला. बराच वेळ तो फोल्डरची कडा वाकवत राहिला. “ठीक हाय,” तो शेवटी म्हणाला. “मग आज सामान बांध. पिस्तूल नाही, माणूस नाही, तू कशाच्या जोरावर तिथं राहणार?”

“इतकी वर्सं ज्याच्या जोरावर ऱ्हायले त्याच्या.”

“कशाच्या?”

“ह्येच्यात हळद व्हती, बाळा. इचार भाईंना. पिन रुतलेली. एक गोळी सुटली नसती. आन् कोन आलं का आमच्या दारात?”

सिद्दीकभाईंनी बशीतलं पिवळं रॉकेल त्याला दाखवलं. पृथ्वीराज बघत राहिला. त्याला हसू येत होतं आणि ते त्याला नको होतं.

“लोकं भीत व्हती त्ये ह्येला.” कस्तुराबाईंनी लाकडी म्यान उचललं. “भाई, ह्ये सरकारात द्यावं लागतं का?”

सिद्दीकभाईंनी कागद पाहिले. “नोंद पिस्तुलाची हाय. ह्याचा उल्लेख न्हाई. लाकूड हाय नुसतं. न्या.”

“मंग ह्ये माझ्या खुंटीला जाईल. हुतं तितंच.” त्या पुतण्याकडे वळल्या. “तू गावात बोलू नगंस, म्हंजी झालं. डॉक्टरीणबाई, तुमी बी.”

“आणि बिबट्या?” पृथ्वीराज म्हणाला. “तो काय म्यान बघून पळणार हाय?”

हा प्रश्न मलाही सकाळपासून टोचत होता. कस्तुराबाईंनी म्यान मांडीवर घेतलं. मग म्हणाल्या, “त्येला बी माउझरनं कवा पळवलं नव्हतं. गोठ्याला जाळी मारून दे. वर बी. आन् उसाकडंच्या बाजूला दोन दिवे लाव, सोलरचे. त्येवढं करशील का पुतन्या म्हनून?”

“ते मी कवाच म्हणलो असतो. तू ऐकतेस कुठं?”

“आता ऐकलं.”

त्यानं फोल्डर काखेत मारलं. “उद्या माणूस आणतो जाळीला,” असं म्हणाला आणि पाया पडायचं विसरून गेला. मग दारातून परत आला, वाकला, गेला.

पिस्तूल सरकारात जमा करावं, असं कस्तुराबाईंच्या वतीनं सिद्दीकभाईंच्या समोर लिहिलं. मी वाचून दाखवलं, त्यांनी सही केली. सही करताना हात थांबला नाही. उठताना मात्र त्यांनी पिस्तुलाला बोट लावलं आणि कपाळाला लावलं. बोटाला रॉकेलचा वास होता, तो गाडीभर राहिला.

वरवंडला हायवेच्या कडेला चहा प्यायलो. त्यांच्या माहेरचं कुणी तिथे उरलेलं नाही, तरी त्या दोन-तीन वेळा मान उंचावून रस्त्यापलीकडे बघत होत्या. टपरीवरच्या माणसाच्या मोबाइलवर बातम्या लागल्या होत्या. भिमा कप ठेवून म्हणाला, “लागली बघा आचारसंहिता. आता सगळ्यांची हत्यारं जमा.”

“आमचं झालं,” कस्तुराबाई म्हणाल्या.

म्यान त्यांच्या मांडीवर होतं, पदराखाली झाकलेलं. “ह्येच्यात आता अडकित्ता ठिवीन,” त्या म्हणाल्या. “जड लागंल उचललं तर.” मी हसले, पण माझं मन हसत नव्हतं. वस्तीकडे वळताना दोन्ही बाजूंनी ऊस होता, गाडीपेक्षा उंच, आणि वारा नसतानाही आत काहीतरी सळसळत होतं. उंदीर असेल, ससा असेल. त्यांना दारात सोडलं तेव्हा उजेड होता. कुत्रं शेपूट हलवत आलं. त्या म्यान घेऊन थेट आत गेल्या आणि खुंटीवर काहीतरी टांगल्याचा आवाज मी ऐकला. मग बाहेर येऊन म्हणाल्या, “जावा आता तुमी. तुमच्या घरी बी कोन हाय?”

हे मी सारा रस्ता ऐकत आले.

घरी पोचून कुलूप काढलं, दिवा लावला, आणि फोनजवळ बसून राहिले. चहा केला तो प्यायला नाही. सारखी उठत होते. मागच्या दाराची कडी सैल झाली आहे, ती गेल्या कित्येक दिवसांपासून पूर्ण बसत नाही, ढकललं की उघडते. रोज नजरेला येई आणि रोज राहून जाई. त्या दिवशी मी तीन वेळा उठून ती बघून आले.

मग फोन वाजला.

“पोचलात का?” कस्तुराबाईंचा आवाज.

“मी पोचले. तुम्ही?”

“मी काय पोचायची? मी घरीच हाय. दार लावलंय. भाकरी केली. उंद्या जाळीवाला यायचाय, त्येला जेवायला घालावं लागंल.” मग त्या म्हणाल्या, “खुंटीवर हाय त्ये. बरं दिसतंय.”

“हं.”

“झोपा आता. पेन्सिल र्‍हायली न्हवं तुमची? नवी घ्या.”

फोन ठेवला. पेन्सिल नव्हती म्हणून त्या दिवशीची नोंद मी पेननं केली. घडलं ते लिहिलं, केलं ते लिहिलं. शेवटची ओळ अशी आहे:

मागच्या दाराच्या कडीला शिवणयंत्राचं तेल घातलं, दोन खिळे मारले. आता बसते.